डोमाजीचा स्टिरिओ आणि मधली दोरी

आमच्या देवळी गावात स्टिरिओ या विषयावरचा एकमेव विद्वान म्हणजे डोमाजी, आणि हा विद्वान डाव्या कानाने जवळजवळ ठार बहिरा आहे. त्याच्या बायकोला हे आठ वर्षांपासून माहीत होतं, आम्हाला गेल्या नवरात्रात कळलं. ते कसं कळलं आणि त्यात आमच्यासारख्या शहाण्यासुरत्यांची कशी शोभा झाली, ते मीच सांगून टाकतो. मी नाही सांगितलं तर दुसरा कोणी सांगेल, आणि माझा भाग तिखटमीठ लावून सांगेल.

माझं मेन रोडवर कापडाचं दुकान आहे. लोक मला भैयाजी म्हणतात. माझ्या भिंतीला लागूनच 'डोमाजी स्टिरिओ साऊंड' आहे. त्या दुकानात बॉक्स, भोंगे आणि वायरींची भेंडोळी एवढी कोंबलेली आहेत की मालकाला बसायला जागा उरलेली नाही. म्हणून मालक रोजचे चार तास माझ्या दुकानात बसतो आणि माझ्या गिऱ्हाइकांना ज्ञान देतो. बाई पातळ बघायला येते आणि ध्वनीच्या लहरींवर व्याख्यान ऐकून परत जाते. पातळ राहतं.

डोमाजी पहिल्यापासून असा नव्हता. भोंगा बांधायचा, 'हॅलो, माइक टेस्टिंग' म्हणायचं, कार्यक्रम संपला की भोंगा सोडायचा, एवढंच त्याचं आयुष्य होतं. दहा वर्षांपूर्वी कुठल्याशा कंपनीने नागपूरला साऊंडवाल्यांचं दोन दिवसांचं शिबिर ठेवलं. जेवण फुकट होतं म्हणून हा गेला. परत आला तो सर्टिफिकेट घेऊन आणि एक शब्द घेऊन. सर्टिफिकेट त्याने फ्रेम करून भिंतीवर लावलं आणि शब्द आमच्या डोक्याला लावला. तो शब्द म्हणजे 'गहराई'.

"भैयाजी, आवाज मोठा असून काय फायदा? आवाजात गहराई पाह्यजे."

मग फोटोत गहराई, भजनात गहराई. एकदा तर जेवताना वरणात गहराई नाही म्हणाला. त्यावर प्रमिलाबाईंनी, म्हणजे त्याच्या बायकोने, वरणाचं पातेलं त्याच्यापुढे सरकवलं आणि म्हटलं, "बुडाशी गेली असन. पाहा ढवळून."

त्याची शिकवायची पद्धत मात्र मानली पाहिजे. समोरच्याच्या एका हातात पेन द्यायचा, दुसऱ्या हातात टोपण. "एक डोळा मीटा. हात लांब करा. आता टोपण लावा." माणूस टोपण लावायला जातो आणि ते पेनाच्या अलीकडे नाही तर पलीकडे हवेत बसतं. हेडमास्तरांचं चुकलं, बँकेच्या मॅनेजरचं चुकलं, माझं तर तीनदा चुकलं. डोमाजी खूश. "पाह्यलं? दोन डोळ्याइच्या मधात चार बोटाचं अंतर. एकाले दिसते थे दुसऱ्याले जराकसं सरकून दिसते. डोकं दोन्ही चित्रं जोडते, तवा समजते जवळ काय अन् लांब काय. एकट्या डोळ्याचं काम नाई हे."

यावरच तो थांबला असता तर तो डोमाजी कसला? त्याने घराच्या आवारात मोबाइलवर एक फोटो काढला, मोबाइल चार बोटं बाजूला सरकवून तोच फोटो पुन्हा काढला, दोन्ही शेजारी शेजारी चिकटवले आणि बुटांच्या खोक्याला दोन भिंगं बसवून त्यात ठेवले. मला म्हणाला, "पाहा." मी हसतच डोळे लावले. खोटं कशाला बोलू, दचकलो. फोटोतली बकरी कागद सोडून माझ्या नाकापाशी आली होती. तिच्या मागे प्रमिलाबाई, त्यांच्या मागे कडुनिंब, कडुनिंबाच्या मागे शेजाऱ्याची भिंत. सगळं आपापल्या अंतरावर उभं. खोक्यात आख्खं आवार मावलं होतं.

"वहिनीले बकरीच्या मागं काऊन उभं केलं?" मी विचारलं.

"गहराई दाखवाले कोणी तं मांगं उभं राहाले पाह्यजे नं," डोमाजी म्हणाला. चेहऱ्यावरची रेघ हलली नाही.

कानाचा धडा तो रस्त्याकडे बोट दाखवून शिकवायचा. "वर्ध्याची एस.टी. मांगून आली. तुमी वळून न पाहता कडंले सरकता का नाई? कोन्त्या बाजूनं आली थे कसं समजलं? ज्या बाजूनं आली त्या कानाले आवाज जरासा पहिले पोचते, जरासा जास्त पोचते. जरासाच, पण डोक्याले तेवढा पुरते. दोन माइक, दोन बॉक्स लावले का तोच खेळ करता येते. पेटी डावीकडं बसली असन तं डावीकडूनच आयकू येईन. डोळे मिटा अन् सांगा, मृदंग कुठं हाये!" मग गिऱ्हाइकाच्या डोळ्यांवर माझ्याच दुकानातली ओढणी बांधायची आणि टिचकी वाजवायची. गिऱ्हाईक बरोबर तिकडे बोट करायचं. एकदा मी म्हटलं, आता तुम्ही बांधा, मी वाजवतो. तर त्याला एकाएकी कोणाचा तरी फोन आला. फोन वाजलेला मला ऐकू आला नव्हता. पण मला वाटलं, याचे कान शिबिरात तयार झालेले, आपले साधे.

खरी गोष्ट अशी होती की वीस-बावीस वर्षं विसर्जनाच्या मिरवणुकीत ट्रॉलीवर बॉक्सला डावा खांदा टेकवून बसल्यामुळे त्याचा तो कान गेला होता. त्या कानाशी घंटा वाजली तर त्याला ती तिकडे लांब पुलगावात वाजल्यासारखी वाटत असेल. वर्ध्याच्या कानाच्या डॉक्टरने आठ वर्षांपूर्वीच सांगितलं होतं की आता तो परत यायचा नाही. घरी येऊन त्याने प्रमिलाबाईंना एवढंच म्हटलं, "कोणाले सांगजो नोको. बहिऱ्याचा साऊंड कोण लावन?" प्रश्न बरोबर होता. दुकानावर पाटी स्टिरिओची, आणि स्टिरिओला लागतात दोन कान.

तेव्हापासून बाई त्याच्या उजव्या हाताला. बाजारात उजवीकडे, लग्नात उजवीकडे, रस्ता ओलांडताना कोपराला धरून. एका कानाच्या माणसाला गाडी ऐकू येते, ती कुठून येते ते कळत नाही. आम्हाला यातलं काही माहीत नव्हतं. आम्ही दुकानाच्या पायरीवर बसून खिदळायचो, "डोमाजी, या वयात एवढं पिरेम बरं नाई." मी सर्वांत मोठ्याने हसायचो.

आता नवरात्राकडे येतो. आमच्या दुर्गा उत्सव मंडळाचे अध्यक्ष प्रभाकरराव, धंदा ठेकेदारीचा, दोन मोबाइल आणि दोन्हींवर एकाच वेळी बोलणं. सचिव मी. नऊ दिवस संध्याकाळी पाचला कीर्तन असतं. मांडवाची आमची पद्धत जुनी आहे: मधोमध सुतळीची दोरी, दोरीच्या डावीकडे पुरुष, उजवीकडे बाया. चार वर्षांपूर्वी डोमाजीने दोन नवेकोरे उंच बॉक्स आणले आणि मंडळाला सांगितलं की देवळीत पहिल्यांदा स्टिरिओ कीर्तन होणार. एक बॉक्स पुरुषांकडे, एक बायांकडे. आम्ही हार घातला.

त्यातली गंमत त्या वेळी कोणाच्या डोक्यात आली नाही. दोन बॉक्समधून आवाजाची गहराई कळायची तर माणूस दोन्हींपासून सारखा, म्हणजे बरोबर मध्यभागी बसायला हवा. मध्यभागी तर दोरी. दोरीवर बसायची मुभा कोणालाच नाही, फक्त डोमाजीच्या मिक्सरचं टेबल तिथे असतं. म्हणजे सातशे माणसांच्या मांडवात स्टिरिओ ऐकू शकेल अशी एकच खुर्ची, आणि त्या खुर्चीवर एका कानाचा माणूस!

तो आपल्या कानांनी दोन्ही बाजू सारख्या करायचा. डावीकडचं कमी वाटतं म्हणून डावं बटण वर, उजवीकडचं जास्त वाटतं म्हणून उजवं खाली. त्याला सारखं वाटायचं तेव्हा पुरुषांच्या छातीत मृदंग धडधडत असायचा आणि बायांकडे कीर्तनकारांचे फक्त ओठ हलायचे. आम्ही म्हणायचो, वा, काय दणदणीत साऊंड आहे! आणि बाया म्हणायच्या, आयकू येत नाही.

पहिल्या वर्षी म्हणाल्या, दुसऱ्या वर्षी म्हणाल्या, तिसऱ्या वर्षी तर यशोदाबाई चालून माझ्याकडे आल्या. सत्तरीची बाई, कोणाला भीत नाही. "भैयाजी, आमच्या इकडल्या डब्ब्यातून आवाज येत नाई. तीन साल झाले सांगून राह्यलो. पाहा नं जरा." मी मान डोलावली, टेबलावरचा घोषणेचा माइक उचलला आणि अत्यंत गोड आवाजात म्हटलं, "माताभगिनींना नम्र विनंती आहे, त्यांनी आपसातल्या गोष्टी बंद कराव्यात, म्हणजे कीर्तन ऐकू येईल." पुरुषांकडे हशा पिकला. बायांकडे पिकला नाही, कारण त्यांना ही विनंतीही नीट ऐकू गेली नसणार.

गेल्या वर्षी गावात नालीचं काम निघालं आणि मांडवाच्या उजव्या अंगाला मोठा चर खणला गेला. देवीची ओटी भरायची बायांची रांग नेहमी उजवीकडून जाते, ती डावीकडून न्यावी लागली. रांग डावीकडे म्हणून बायांची बसायची जागा डावीकडे. पुरुष गेले उजवीकडे. चारशे बायकांनी जागा बदलली, कोणी मीटिंग घेतली नाही.

कीर्तन सुरू झालं. पाच मिनिटं आम्ही माना पुढे काढून ऐकलं. सहाव्या मिनिटाला प्रभाकरराव उभे राहिले. "ओ डोमाजी! आवाज वाढवा! इकडं काहीच आयकू येत नाई!" हाक उजवीकडून गेली, ती त्याला लगेच ऐकू आली. त्याने सगळाच आवाज वाढवला. आमच्याकडे कुजबुज जराशी मोठी झाली आणि तिकडे बायांनी कानांवर पदर दाबले. दहाव्या मिनिटाला पुरुषांमध्ये घोषणा सुरू झाल्या. एकाने खुर्ची आपटली. तीन वर्षांत जे झालं नव्हतं ते दहा मिनिटांत झालं: तक्रारीचा प्रश्न झाला, प्रश्नाचा संताप झाला आणि अध्यक्षांनी सचिवाला, म्हणजे मला, टेबलाकडे पिटाळलं.

मी दोरीच्या कडेने गेलो आणि घोषणेचा माइक असतो तिथे, डोमाजीच्या डाव्या अंगाला उभा राहिलो. म्हटलं, "डोमाजी, आमच्याकडचा बॉक्स बंद हाये का पाहा." तो स्टेजकडे बघत विद्वानासारखा मान हलवत होता. मी पुन्हा म्हटलं. त्याची मान तशीच हलत राहिली. मला वाटलं, सर्टिफिकेटचा माज. माझं डोकं फिरलं. आरडाओरडा ऐकून कीर्तनकार थांबले होते, मांडव गप्प झाला होता, आणि घोषणेचा माइक मी घाईत हातात उचलला होता, तो चालू आहे हे मला कळलं नाही.

"डोमाजी! बहिरे झाले काय तुमी?"

दोन्ही बॉक्समधून माझं वाक्य सगळ्या मांडवावर आदळलं. डोमाजी दचकून उठला आणि मला शोधायला उजवीकडे वळला. तिकडे कोणीच नव्हतं. तो आणखी उजवीकडे वळला, मग खुर्चीखाली पाहिलं, मग पुरुषांकडे. "कोण हाये? काय म्हणता?" मी त्याच्या डाव्या खांद्यापासून हातभर अंतरावर उभा होतो.

पुरुष हसले. जत्रेतल्या अस्वलाला हसतात तसे हसले. बायांमधून एकही हसली नाही. पुढच्या रांगेतून प्रमिलाबाई उठल्या, दोरी ओलांडून त्याच्या उजव्या बाजूला गेल्या आणि त्याच्या कानाशी म्हणाल्या, "भैयाजी तुमच्या डाव्या अंगाले हायेत." तो हळूहळू वळला. मला पाहिलं. माझ्या हातातला माइक पाहिला. आणि त्याच्या लक्षात आलं की सगळ्यांनी पाहिलं आहे. मला त्या वेळी खरंच लाज वाटली, पण माइक ठेवून देण्यापलीकडे मी काही केलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मांडवातच मीटिंग. विषय एकच: डोमाजीला काढायचं आणि वर्ध्याची पार्टी आणायची. डोमाजीला सगळं समजत होतं. तालुक्यातली मंडळं आणि लग्नवाले आमच्याकडे बघून साऊंड ठरवतात. आम्ही काढलं की त्याच्या दुकानाला कुलूप लागणार होतं. तो खुर्चीच्या टोकावर बसला होता. प्रमिलाबाई मागे उभ्या होत्या, कारण आमच्या मीटिंगमध्ये बायांना खुर्ची ठेवायची पद्धत नाही. यशोदाबाई आणि आणखी सात-आठ जणी खांबांना टेकून उभ्या होत्या. त्यांना कोणी बोलावलं नव्हतं.

प्रभाकररावांनी सुरुवात केली. "बहिऱ्याच्या हाती साऊंड देणं म्हंजे आंधळ्याच्या हाती स्टेअरिंग."

डोमाजी उठला. त्याने उजव्या कानाला बोट लावलं. "इकडून बोला. डावा गेला माहा." मग म्हणाला, "आठ साल झाले. मी तुमाले स्टिरिओ शिकवतो, पण मले स्वतःले आठ साल झाले स्टिरिओ आयकूच नाई आला. पेटी डावीकडं असते हे मले डोळ्यानं दिसते, म्हणून मालूम. सारं उजवीकडूनच येते. मी अंदाजानं बटणं फिरवतो." आणि खाली बसला. एवढं कमी तो उभ्या आयुष्यात बोलला नव्हता.

मला वाटलं, आता प्रभाकरराव नरमतील. पण अध्यक्षांना एकदम वेगळाच पाझर फुटला. "अरे पण तीन साल! तीन साल आपल्या माताभगिनीइले कीर्तन आयकू नाई आलं! केवढा अन्याय झाला तेइच्यावर! हे मंडळ सहन करनार नाई." बाकीच्यांनी माना हलवल्या. मीही हलवली. काल दहा मिनिटांत खुर्च्या आपटणारे आम्ही आज बायांच्या तीन वर्षांसाठी गहिवरलो होतो.

"बायाइले विचारा एकदा," यशोदाबाई खांबापासूनच म्हणाल्या. "आमाले मालूम होतं यायच्या कानाचं. बोलाले गेलं का मान कोंबडीवानी वळते, दिसते नं मानसाले. प्रमिलाच्या पायी आमी कानाचं नाव नाई काढलं. आवाज वाढवा, एवढंच म्हणत राह्यलो."

"मंग हे मंडळाले काऊन नाई कळवलं?" प्रभाकरराव गरजले.

तेव्हा प्रमिलाबाई पुढे आल्या. त्यांच्याकडे न बघता माझ्याकडे बघून म्हणाल्या, "भैयाजी, तुमी सेक्रेटरी हाये. बाया तीन साल तुमाले काय सांगून राह्यल्या होत्या, याद हाये का?"

"आहे नं वहिनी," मी म्हटलं. "आमच्या इकडल्या डब्ब्यातून आवाज येत नाही, म्हणून."

"म्हंजे तुमाले आयकू आलतं," त्या म्हणाल्या. "यायले तं आयकूच येत नोतं. तुमचं काय झालतं?"

प्रभाकररावांनी एक मोबाइल कानाला लावला. तो वाजला नव्हता. बाकीचे नालीच्या चराकडे पाहू लागले. डोमाजी उजवा कान पुढे करून वाट पाहत होता.

वर्ध्याच्या पार्टीचं नाव पुन्हा निघालं नाही. मी इतिवृत्ताची वही उघडली आणि लिहिलं, 'साऊंडचं काम डोमाजीकडेच राहील.' वहीत ठरावाखाली कारण लिहायची जागा असते. तिथे काय लिहायचं ते मी अध्यक्षांना विचारलं, त्यांनी ऐकू न आल्यासारखं केलं, आणि ती जागा मी कोरी सोडली.